तेरा वर्षांच्या पोरीकडून पगारी प्लेअरची निष्ठा कशाला मागता?

आमच्या भाचीच्या क्रिकेट अ‍ॅकॅडमीत सध्या पालकांचा एक वाद पेटलाय आणि तो इतका चुकीच्या पद्धतीने चाललाय की मला लिहिल्याशिवाय राहवत नाहीये. भाची तेराची, आठवीत, शाळेच्या खो-खो टीममध्ये आहे आणि भारताच्या पोरींनी वर्ल्डकप जिंकल्यापासून क्रिकेटलाही जाते. झालं असं की शाळेची खो-खोची मॅच आणि अ‍ॅकॅडमीची प्रॅक्टिस मॅच एकाच रविवारी आली, ती खो-खोला गेली, आणि सोमवारी सरांनी सगळ्यांसमोर तिला सांगितलं की एक काय ते ठरव, दोन दगडांवर पाय ठेवून कुणी मोठं होत नाही. संध्याकाळी पालकांच्या ग्रुपवर कुणीतरी ऑस्ट्रेलियाच्या एलिस पेरीचा फोटो टाकला की हे बघा, ही क्रिकेट आणि फुटबॉल दोन्ही वर्ल्डकप खेळली, म्हणजे जमतं. लगेच दुसऱ्याचं उत्तर, तिलाही शेवटी फुटबॉल सोडावाच लागला, म्हणजे जमत नाही. तिथून जी जुंपली ती अजून चालू आहे, एक ना धड भाराभर चिंध्या ही म्हण मी त्या ग्रुपवर निदान सहा वेळा वाचली असेल.

माझं म्हणणं आधीच सांगून टाकते. दोन खेळ जमतात की नाही हा प्रश्नच नाहीये. एक खेळ कधी निवडायचा आणि कुणी निवडायचा, हा प्रश्न आहे. पोरगी पंधरा-सोळाची होईपर्यंत तिला एका खेळाला बांधून टाकायचा हक्क कोचला नाही, शाळेला नाही आणि खरं सांगायचं तर आपल्याला म्हणजे घरच्यांनाही नाही. आणि पेरीचंच उदाहरण घ्यायचं असेल तर ते पूर्ण घ्या, फोटोपुरतं घेऊ नका.

पूर्ण म्हणजे काय? पेरीचा जन्म 1990 चा, सिडनीची पोरगी. 2007 साली सोळा वर्षांची असताना ती ऑस्ट्रेलियाकडून पहिली वन-डे खेळली आणि त्यानंतर दोनच आठवड्यांत ऑस्ट्रेलियाच्या फुटबॉल टीमकडून मैदानात उतरली, हाँगकाँगविरुद्ध, आणि सुरुवातीच्या मिनिटांतच गोल केला. 2009 ला क्रिकेटचा वर्ल्डकप खेळली. 2011 ला जर्मनीत फुटबॉलचा वर्ल्डकप, क्वार्टर फायनलला स्वीडनविरुद्ध तिने डी च्या बाहेरून डाव्या पायाने मारलेला गोल अजून लोक शोधून बघतात, मॅच ऑस्ट्रेलिया 3-1 ने हरली तरी. आता सोडण्याचा भाग. 2012 मध्ये तिने फुटबॉलला पहिला मान द्यावा असं कॅनबेरा युनायटेड क्लबचं म्हणणं होतं, तर ती तिथून निघून सिडनी एफसीला गेली. 2013 नंतर देशाकडून फुटबॉल खेळली नाही आणि हळूहळू क्रिकेटचीच झाली. पुढे 2017 ला नॉर्थ सिडनीत इंग्लंडविरुद्ध टेस्टमध्ये नाबाद 213. म्हणजे हो, तिने एक खेळ सोडला. पण कधी? दोन्ही खेळांत देशाचा टी-शर्ट घालून झाल्यावर, विशी ओलांडल्यावर, आणि मधल्या काळात ज्या क्लबने आधी तू आमची म्हटलं तो क्लब बदलून. या गोष्टीतून तेराव्या वर्षी खो-खो सोड असा निष्कर्ष कसा काय निघतो? मला तर उलटाच निघताना दिसतो.

आणि एक गोष्ट मला ग्रुपवर कुणीच टाकलेली दिसली नाही, जी या सगळ्या वादापेक्षा जास्त बोलकी आहे. 16 मे 2010, बार्बाडोस, महिला टी-ट्वेंटी वर्ल्डकपची फायनल, ऑस्ट्रेलिया विरुद्ध न्यूझीलंड. ऑस्ट्रेलियाने केलेले फक्त 106. शेवटची ओव्हर पेरीच्या हातात, तेव्हा ती एकोणीस वर्षांची. शेवटच्या बॉलला न्यूझीलंडला जिंकायला पाच हवेत, चार गेले तर टाय. स्ट्राइकला सोफी डिव्हाइन. बॉल पडतो, डिव्हाइन सरळ बॅटने समोर हाणते, जमिनीवरून, एवढा जोरात की हात खाली नेईपर्यंत बॉल बाउंड्रीकडे गेलेला असता. पेरी फॉलो-थ्रूमध्येच उजवा पाय बाहेर टाकते, बॉल बुटाला लागून मिड-ऑनकडे वळतो, एकच रन, ऑस्ट्रेलिया तीन रनांनी जिंकते. तो पाय कुठल्या क्रिकेट कोचने शिकवला होता? नेटमध्ये कुणी असा पाय घालायला लागलं तर ओरडतील, लागेल म्हणून. तो फुटबॉलच्या डिफेंडरचा पाय होता. आणि गंमत बघा, तो ड्राइव्ह मारणारी डिव्हाइन स्वतः न्यूझीलंडकडून हॉकी खेळलेली, तिच्याच टीममधली सुझी बेट्स दोनच वर्षांपूर्वी बीजिंग ऑलिम्पिकला बास्केटबॉल खेळून आलेली. वर्ल्डकपच्या फायनलला एका मैदानावर दोन-दोन खेळ खेळणाऱ्या तिघी, आणि आपण इथे नाशकात बसून ठरवतोय की याने लक्ष विचलित होतं.

आता समोरच्यांचं जे खरंच वजनदार म्हणणं आहे ते बघू, कारण ते काही वेडे लोक नाहीत, त्यातले निम्मे माझ्या ओळखीचे आहेत आणि आपापल्या पोरींसाठी जीव टाकतात. पहिला मुद्दा, काही खेळांत खरोखरच लहानपणापासून तेच एक करावं लागतं. जिम्नॅस्टिक्स घ्या, दीपा कर्माकर सहाव्या वर्षी लागली होती. स्विमिंगही बरंचसं तसंच. मान्य. पण आपण बोलतोय क्रिकेट, खो-खो, कबड्डी, हॉकी, अ‍ॅथलेटिक्स यांच्याबद्दल, जिथे शरीर पूर्ण भरल्यावर माणूस आपल्या शिखरावर जातो. जिम्नॅस्टिक्सचा नियम उचलून फास्ट बोलिंगला लावायचा हे काही बरोबर नाही.

दुसरा मुद्दा पैशाचा आणि वेळेचा, आणि हा सगळ्यात खरा. सातपूर-अंबडच्या कंपन्यांत शिफ्ट करणारा बाप, त्याच्याकडे एकाच खेळाचे पैसे मुश्किलीने निघतात. लेदर बॉलच्या क्रिकेटचं साहित्य हजारांमध्ये जातं, अ‍ॅकॅडमीची फी वेगळी, सिडकोतून गंगापूर रोडला न्यायचं-आणायचं म्हणजे एका माणसाचे रोजचे दोन तास. त्यात दुसरा खेळ कुठून आणायचा? पण जरा थांबून बघा की यातला महागडा खेळ कुठला आहे. खो-खोला लागतं काय? दोन खांब, माती आणि नऊ गडी. शाळेत आहे, फुकट आहे, सकाळी शाळेच्या आधी होतं. आपल्याकडे पोरींना सोडायला लावला जातो तो नेमका स्वस्तातला आणि घराजवळचा खेळ. पैशाचं कारण पुढे करून फुकटचा खेळ बंद करायचा आणि महागडा चालू ठेवायचा, यात हिशोब कुठे बसतो?

तिसरा मुद्दा सर्टिफिकेटचा. दहावी-बारावीला खेळाचे वाढीव मार्क, पुढे सरकारी नोकरीत खेळाडूंचं 5 टक्के आरक्षण, आणि त्यासाठी वरच्या लेव्हलचं सर्टिफिकेट लागतं, म्हणून एकाच ठिकाणी जोर लावा असं म्हणतात. या आरक्षणाने खेड्यापाड्यातल्या कितीतरी पोरींची आयुष्यं बदलली आहेत, पोलीस भरतीत जाऊन बघा, त्यामुळे या मुद्द्याला मी हसणार नाही. पण हाच हिशोब पुढे चालवला तर काय निघतं? तेराव्या वर्षी कुणाला माहितीये की ही पोरगी कशात राज्यापर्यंत जाणार आहे? क्रिकेटला आज जी गर्दी झालीये त्यात जिल्ह्याच्या टीममध्ये जागा मिळणंच अवघड, खो-खोत ती आजच शाळेची मुख्य धावक आहे. एक दार आत्ताच लावून घेतलं तर सर्टिफिकेटची शक्यता वाढली की कमी झाली?

चौथा मुद्दा माझ्या बाजूच्या लोकांना टोचणारा आहे आणि तो मी स्वतःच मांडते. पेरी, डिव्हाइन, बेट्स यांना दोन्ही जमलं त्याचं एक कारण असं की त्या काळात बायकांच्या खेळात पैसाच नव्हता. कुणी पगार देत नव्हतं म्हणून कुणी पूर्ण वेळही मागत नव्हतं. आज महिलांना सेंट्रल कॉन्ट्रॅक्ट म्हणजे बोर्डाचा पगारी करार आहे, 2023 पासून डब्ल्यूपीएल म्हणजे महिलांची प्रीमियर लीग आहे, वर्षभराचं कॅलेंडर भरलेलं आहे, आणि त्यामुळे पुढची पेरी कदाचित होणारच नाही. हे खरं आहे आणि मला त्याचं थोडं वाईटही वाटतं, पण बायकांना खेळाचे पैसे मिळायला लागले याचा आनंद त्याहून मोठा आहे. पगार घेणाऱ्या पंचवीस वर्षांच्या प्लेअरला बोर्ड म्हणालं की बाई दुसरा खेळ नको, तर ते रास्त आहे, तो करार आहे, दोन्ही बाजूंनी काहीतरी दिलंय. पण मग तेरा वर्षांच्या पोरीला आपण काय देतोय? तिचे आईबापच अ‍ॅकॅडमीला पैसे देतायत. फी तिने भरायची, वेळ तिने द्यायचा, गुडघे तिचे फुटणार, आणि वर निष्ठा मात्र पगारी माणसासारखी हवी. पैसे आपले आणि नोकरीही आपलीच, असा हा करार. मला या अख्ख्या वादात सगळ्यात जास्त राग येतो तो इथे.

आणि ही एकनिष्ठा मागताना पोरगा आणि पोरगी यांत फरक होतो हे कुणी कबूल करत नाही. चुनी गोस्वामी 1962 च्या जकार्ता एशियन गेम्समध्ये फुटबॉलचं गोल्ड जिंकणाऱ्या टीमचे कॅप्टन होते आणि पुढे 1971-72 ला बंगालचे कॅप्टन म्हणून रणजीची फायनल खेळले. त्यांना आपण अष्टपैलू म्हणतो, चंचल कुणी म्हटलं का? इंग्लंडची लॉटी डॉड बघा, 1887 ला पंधराव्या वर्षी विम्बल्डन जिंकली, एकूण पाच वेळा जिंकली, मग हॉकीत इंग्लंडकडून खेळली, 1904 ला ब्रिटिश गोल्फची चॅम्पियन, 1908 ला तिरंदाजीत ऑलिम्पिक सिल्व्हर. सव्वाशे वर्षांपूर्वी, घोळदार झग्यात! आमच्या अ‍ॅकॅडमीतच एक मुलगा फुटबॉललाही जातो, त्याच्याबद्दल सर म्हणतात स्टॅमिना छान आहे. माझ्या भाचीबद्दल म्हणतात मन लागत नाही. एकाच मैदानावर, एकाच वयाची दोन पोरं.

आपल्याकडे तर हे बाहेरून शिकायचीही गरज नव्हती. आपला वणीचा गड इथून साठेक किलोमीटर. मल्लखांबाची आख्यायिका तिथलीच सांगतात, दुसऱ्या बाजीरावाच्या काळात दोन परके मल्ल आले, बाळंभटदादा देवधरांनी आव्हान घेतलं आणि सप्तशृंगीला जाऊन बसले, तिथे त्यांना लाकडी खांबावरचे डाव सुचले. आख्यायिकेतला चमत्कार बाजूला ठेवा, पण शब्दच बघा, मल्लाचा खांब. मल्लखांब उभा राहिला तोच कुस्तीला पूरक म्हणून, पकड घट्ट व्हावी, अंग लवचिक व्हावं यासाठी. एका खेळाच्या पोटातून दुसरा आला आणि दोघंही टिकले. जुन्या व्यायामशाळेत गेलं तर एकाच हौद्याभोवती कुस्ती, मल्लखांब, लाठी सगळं चालायचं, बाजूला खो-खोचं मैदान आखलेलं, कुठल्या वस्तादाने जोर-बैठका मारणाऱ्या पोराला मल्लखांबावर चढू नको म्हटलं असेल?

खो-खोने क्रिकेटला काय मिळतं हे मी डोळ्यांनी बघितलंय, गोल्फ क्लब मैदानावर, म्हणजे अनंत कान्हेरे मैदानाच्या कडेला उभं राहून. भाची कव्हरला होती. समोरच्या पोरीने चोरटी एक घ्यायला कॉल दिला. बाकीच्या फिल्डर आधी बॉलकडे बघतात मग पळतात, ही पळणाऱ्या पोरीच्या कमरेकडे बघत होती, पाय नाही, बॅट नाही, कंबर, कारण खो-खोत धावक हुलकावणी पायाने देते पण कंबर खोटं बोलत नाही, हे तिला शाळेच्या मॅडमने शिकवलंय. त्या पोरीने परत फिरायचा विचार केला त्या क्षणालाच ही निघालेली होती. बॉल उचलला तो जवळजवळ जमिनीला समांतर होऊन, खांबाशी सूर मारतात तसा, आणि पडता पडता स्टंपला फेकला. रनआउट. सरांनी टाळ्या वाजवल्या आणि म्हणाले, बघा, क्रिकेट असं खेळायचं असतं. मी काही बोलले नाही, पण ते क्रिकेट नव्हतंच, ती शाळेच्या मातीतली तीन वर्षं होती.

जेमिमा रॉड्रिग्सचं सांगायलाच हवं, कारण तिच्यामुळेच अर्ध्या पोरी या अ‍ॅकॅडमीत आल्या. 30 ऑक्टोबर 2025, नवी मुंबई, सेमीफायनल, ऑस्ट्रेलियाने दिलेलं 339 चं टार्गेट, जेमिमा नाबाद 127, त्या रात्री आमच्या कॉलनीत फटाके वाजले. ही जेमिमा लहानपणी महाराष्ट्राकडून वयोगटात हॉकीही खेळलेली आहे. तिच्या रिस्टचं कौतुक करताना आपण थकत नाही, मग ती मनगटं कुठे घडली याचा विचार कोण करणार? ज्या पोरीकडे बघून आपण फी भरली, तिच्यासारखं वाढायला मात्र आपल्या पोरीला मनाई.

कुणी म्हणेल ही सगळी निवडक नावं झाली, अशा एका पेरीमागे हजार जणी कुठेच पोचल्या नसतील. बरोबर आहे. पण एकच खेळ धरून बसलेल्या हजार जणीही कुठे पोचल्यात? त्यांची यादी कुणी काढत नाही. खरं तर आपल्या शंभरातल्या नव्याण्णव पोरी देशाकडून खेळणार नाहीत, मग त्या नव्याण्णवांचं काय, हाच विचार आधी व्हायला पाहिजे. अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेने 2016 मध्ये स्पष्ट म्हटलंय की बहुतेक खेळांत पंधरा-सोळा वर्षांपर्यंत एकाच खेळावर भर देणं टाळावं, कारण वाढत्या वयात तेच तेच स्नायू, तेच तेच सांधे वर्षभर वापरले की दुखापती वाढतात आणि मुलं कंटाळून खेळच सोडतात. याला अभ्यास तरी कशाला, मीच आहे की. शाळेत असताना मी कबड्डीही खेळायचे आणि आठशे मीटरही पळायचे. नववीत आमच्या सरांनी एकच घे म्हणून बसवलं, टीमला गरज होती म्हणून मी कबड्डी घेतली. अकरावीत गुडघा गेला. पळणं तेव्हा परत सुरू करता आलं असतं बहुतेक, डॉक्टरही हळूहळू पळायला लाग म्हणाले होते, पण दोन वर्षांत त्या ग्रुपशी संबंध उरला नव्हता, त्या मैदानावर माझी जागा नव्हती. मग काहीच केलं नाही, वीस वर्षं. आता कृषीनगरच्या जॉगिंग ट्रॅकवर जाते तेव्हा पहिल्या दोन फेऱ्यांत दरवेळी ते आठवतं.

उशीर झाला की संपलं, ही जी भीती घातली जाते तीसुद्धा तपासून बघा. अ‍ॅश बार्टीने 2014 ला टेनिस थांबवलं, अठरा वर्षांची होती, आणि ब्रिस्बेन हीटकडून क्रिकेट खेळली. 2016 ला परत टेनिसमध्ये आली आणि नंतर फ्रेंच ओपन, विम्बल्डन, ऑस्ट्रेलियन ओपन तिन्ही जिंकून नंबर एकवर असतानाच रिटायर झाली. धावपटू हिमा दास आधी फुटबॉल खेळायची. मनू भाकर शूटिंगच्या आधी बॉक्सिंग, टेनिस, स्केटिंग, मणिपूरचं थांग-ता असं सगळं करून आली, बंदूक हातात घेतली तेव्हा चौदाची होती, आणि 2024 ला पॅरिसमध्ये दोन ब्राँझ. लांब कशाला जायचं, आपल्या चांदवड तालुक्यातल्या तळेगाव रोहीचा दत्तू भोकनळ, दुष्काळी गावचा पोरगा, 2012 ला आर्मीत गेल्यावर पहिल्यांदा रोइंगच्या बोटीत बसला. चार वर्षांत रिओ ऑलिम्पिकला तेरावा आला आणि 2018 ला एशियन गेम्सचं गोल्ड. त्याला तेराव्या वर्षी कुणी निवड म्हटलं असतं तर त्याने काय निवडलं असतं? त्या गावात नदीला पाणी नव्हतं.

म्हणजे निवड कधीच करायची नाही असं मी म्हणत नाहीये. दोन खेळांचा थकवा खरा असतो, आठवड्याचे सातही दिवस ग्राउंडवर घालवणारी पोरगी मला नकोय, एक दिवस तरी तिने झोपावं, उनाडावं. पण त्यासाठी मोठ्यांनी आधी आपापसात बोलायला हवं. शाळेच्या मॅडम आणि अ‍ॅकॅडमीचे सर एकाच शहरात राहतात, तारखा दोघांनाही आधी कळतात, एक फोन पुरला असता. सीझनप्रमाणे वाटून घेता येतं, शाळेच्या स्पर्धांच्या महिन्यांत क्रिकेट आठवड्यातून दोन दिवस, त्या संपल्या की उलट. यात कुणाचंच नुकसान नाही, फक्त माझी प्लेअर हा शब्द सोडावा लागतो.

मागच्या शनिवारी मी आणि ताई अ‍ॅकॅडमीत जाऊन हेच सरांशी बोललो. ते वाईट माणूस नाहीत, ऐकून घेतलं, म्हणाले मॅडम, सगळ्यांना अशी सूट दिली तर टीम कशी बनवू. मी म्हटलं सगळ्यांना द्या. ते विचारात पडले. भाची तेवढ्यात नेटमागून पळत आली, दोन्ही गुडघ्यांवर खरचटलेलं, एक मातीतलं आणि एक मॅटवरचं, आणि सरांना विचारायला लागली की रविवारी खो-खोची मॅच अकराला संपते, तर मी साडेबाराला आले तर फिल्डिंगला घ्याल का?